निळ्या भिंतींचं स्वयंपाकघर

रेमेई सालार्तने बत्तीस वर्षांत स्पेनमधल्या एकोणीस कातालान चित्रपटांची घरं उभी केली. पडदे रंगवण्यापासून सुरुवात करून ती कलादिग्दर्शक झाली. जिन्याची कितवी पायरी करकरली पाहिजे, हेसुद्धा ती सुतारांना सांगायची, आणि भले भले सुतार निमूट ऐकायचे. बाईंचा शब्द म्हणजे शब्द!

विसावा चित्रपट नदीकाठच्या कापडगिरणीतल्या कामगारांचा होता, १९४८ सालात घडणारा. रेमेईची आई एन्ग्रासिया अशाच गिरणीच्या वसाहतीत वाढली आणि बाराव्या वर्षी मागावर उभी राहिली. रेमेईने तेरासा गावाजवळच्या एका गोदामात स्वयंपाकघर बांधलं आणि चुन्यात नीळ कालवून भिंती रंगवल्या. माश्या येऊ नयेत म्हणून वसाहतीत घरोघरी तसंच करत.

तरुण दिग्दर्शक नार्सिसने कपाळाला आठ्या घातल्या. "रेमेई, हे गरिबाचं घर आहे की हवा खायला आलेल्यांचं? सगळं तपकिरी कर. काजळी दिसू दे."

"गरीब होते ते, घाणेरडे नव्हते. तपकिरी हवं असेल तर दुसरं माणूस बघ."

"बघतोच. दुपारपर्यंत रंग बदलला नाही, तर उद्यापासून येऊ नकोस."

रेमेईने ब्रशला हात लावला नाही. काम गेलं असतं तर तिला फार लागलं असतं; पण आईच्या घराला काळं फासणं तिच्याच्याने होणार नव्हतं.

दुपारी एन्ग्रासिया आली. नायिकेला सुताची गाठ मारायला शिकवण्यासाठी तिला बोलावलं होतं. आत शिरली ती थेट टेबलाकडेच गेली. तिथे एक मोठा गोल पाव पालथा पडला होता.

"कोणी ठेवला गं असा? घरावर संकट आणायचंय का?" तिने पाव उलटून सरळ केला आणि रीतीप्रमाणे त्याचा मुका घेतला. "थू! हा कसला पाव?"

"प्लास्टरचा आहे, आई. खालचा रंग वाळायला ठेवला होता."

"म्हाताऱ्या आईला प्लास्टर चारतेस, मेले!"

सगळे खो खो हसले. नार्सिस मात्र हसला नाही.

"आजी, भिंती कशा वाटतात?"

"भिंतींना काय झालंय? भिंतींसारख्या भिंती आहेत."

"मला घरातली गरिबी दाखवायची होती."

"मग भिंतींवर कशाला राग?" एन्ग्रासियाने पाव त्याच्या हातात दिला. "आम्ही सात माणसं. अख्खा पाव टेबलावर कधी बघितलाच नाही. हा कापा."

नार्सिसने मान खाली घातली. रेमेईचेही कान तापले. पाव तिनेच घडवला होता. तिने करवत मागवली.

"निम्मा करू, आई?"

"निम्मा?" एन्ग्रासिया म्हणाली. "तेवढा तर आमच्याकडे नाताळाला यायचा."