ग्विन्याईचे तरस

माणसाला माणसाची गरज असते, हा सिद्धान्त ग्विन्याईला मान्य नव्हता. म्हणून रुसापे गावाच्या रस्त्याकडेला, वस्तीपासून फटकून, तो एकटा राहत असे आणि तेलाची जुनी पिंपे कापून, ठोकून खऱ्या मापाची जनावरे घडवत असे. त्यांतले एकही बोलत नाही, हे त्याचे मोठे समाधान होते.

मग त्याने सिंह केला.

पलीकडच्या वस्तीतले म्हातारे मारुफु सिंहकुळीचे. सकाळी ते अंगणात येऊन सिंहापुढे उकिडवे बसले आणि ओंजळीने हळू टाळ्या वाजवत म्हणाले, "आजोबा, झोप लागली ना?"

"मारुफुबाबा, तो पत्रा आहे."

"तुझ्या हाताला पत्रा. आमचं देवक आहे. तू वानरकुळीचा, तुला काय कळायचं? चहा ठेव. आजोबांसमोर उपाशी बसणं बरं दिसत नाही."

हळूहळू सगळे सिंहकूळ तिथे जमू लागले. भांडणे तिथे मिटू लागली, नव्या सुना आजोबांना दाखवल्या जाऊ लागल्या. एका हॉटेलचा ट्रक सिंह विकत न्यायला आला, पण चालकही सिंहकुळीचाच निघाला. टाळ्या वाजवून, चहा पिऊन तो रिकामाच परतला.

अखेर ग्विन्याईने तरस घडवले आणि वाटेच्या तोंडाशी उभे केले. चेटकिणी तरसावर बसून फिरतात, हे कोणाला सांगावे लागत नाही. अंगण ओस पडले.

परंतु विचारपूस न करता दारावरून जाणे म्हणजे वैर धरणे. म्हणून प्रत्येक जण आता रस्त्यावरूनच ओरडू लागला.

"वानरा, नीट उठलास का?"

"तुम्ही उठला असाल, तर मीही उठलो."

"आम्ही उठलो."

दर वाटसरूला हातोडी खाली ठेवून हे उत्तर द्यावे लागे. ग्विन्याईचा घसा बसला.

एका सकाळी मात्र मारुफुंची हाक आली नाही. ग्विन्याईने हातोडी उचलली, ठेवली, पुन्हा उचलली. शेवटी तो रस्त्यावर जाऊन उभा राहिला. उन्हे चढल्यावर मारुफु शेळी ओढत आले.

"रस्त्यात काय करतोस रे?"

"पत्रा शोधतोय."

"मिळाला?"

"हो. तुमची हाक नाही आली आज."

"शेळी सुटली होती. तू आधी सांग, नीट उठलास का?"

"तुम्ही उठलात, म्हणजे उठलो."

त्याच दुपारी त्याने तरस फरफटत झोपडीमागे नेले. घसा वाचवायला, असे त्याने सर्वांना सांगितले. मारुफुंनी ते मान्य केले आणि चहात साखर वाढवायला सांगितली.