आम्ही परमिटवाले मुनशी

अर्ज लिहिणाऱ्याकडे अर्ज कधीच राहत नाही. तो आत साहेबाच्या टेबलावर जातो, त्याच्यावर शिक्का बसतो आणि मग तो कुठल्यातरी कपाटात झोपतो. आमच्याकडे उरतं ते फॉर्मात न मावलेलं. रकाना असतो चार बोटांचा आणि माणूस सांगतो अख्खी जिंदगी! ऐकावंच लागतं. मधेच तोडलं, तर तो रागावून वडिलांचं नावसुद्धा सांगत नाही. असं ऐकून ऐकून माझ्याकडे इतकं साठलंय की आता माझंच एक कपाट झालंय.

स्वातंत्र्यानंतरची ती पहिली सात-आठ वर्षं. बुरहानपुरात कचेरीसमोर चिंचेखाली दोन मेजं होती. एक माझं, म्हणजे दिगंबर मुनशीचं. मॅट्रिक पास, मराठी, हिंदी आणि कामापुरतं इंग्रजी. दुसरं करीमचाचांचं. वय साठीच्या पुढे, उर्दू अक्षर असं की कागद फ्रेम करून लावावा! गावातली बरीच विणकर घरं कराचीला गेली होती आणि तिकडून सिंधी घरं इकडे आली होती. सरहद्द ओलांडायला आधी परमिट निघालं, मग पासपोर्ट आणि व्हिसा. जमिनीचे, विहिरीचे अर्ज मागे पडले आणि लोक आम्हाला ‘परमिटवाले मुनशी’ म्हणू लागले.

चाचा एका वाक्यात हिंदी, मराठी, उर्दू तिन्ही घालत. मी इथं बहुतेक मराठीतच सांगतो. तुम्ही समजून घ्या.

*

एकदा धूलकोटकडचा एक म्हातारा शेतकरी आला. डोक्यावरचं मुंडासं काढून मेजावर ठेवलं आणि म्हणाला, “मुनशीजी, मले परमिट पायजे.”

“कुठं जायचंय, बाबा?”

“बहिणीकडं. होळकरच्या राज्यात.”

मी म्हटलं, “अहो, ते राज्य विलीन झालं! आता तिकडं नाका नाही, झडती नाही, काही नाही. उठायचं आणि जायचं.”

त्याला पटेना. जन्मभर त्यानं नाक्यावर गाठोडं सोडून दाखवलेलं. शेवटी चाचांनी समजावलं. म्हातारा मुंडासं बांधायला लागला आणि त्याचं लक्ष शेजारी बसलेल्या बाईकडे गेलं. ती कराचीच्या परमिटासाठी आली होती.

“आणि या बाईले कुठं जायचंय?”

“भावाकडं. कराचीला. तिला परमिट लागतं.”

“काल-परवापर्यंत तं नव्हतं लागत.”

“आता लागतं.”

म्हाताऱ्यानं मुंडाशाचं टोक खोचलं. मग म्हणाला, “एका अंगानं कुंपण काढता, दुसऱ्या अंगानं घालता. गड्याहो, आधी सगळ्यांनी बसून ठरवून तरी घ्यायचं!”

*

हमीदाखाला आल्या त्या गाठोडं घेऊनच. त्यांच्या लेकीचं, नजमाचं, पहिलं बाळंतपण होतं. लेक कराचीत. प्रवासाचं कारण लिहायची वेळ आली, तसं चाचांनी सवयीनं लिहिलं, ‘आजारी नातेवाइकाची भेट.’ त्या दिवसांत सगळेच तसं लिहीत, कारण आजाऱ्याचा अर्ज लवकर सुटतो असा समज होता.

चाचांनी ते वाचून दाखवलं मात्र, खाला कडाडल्या, “आजारी असेल तुझा लिहिणारा हात! माझी पोरगी धडधाकट आहे. पहिल्या खेपेला असलं अशुभ लिहितोस? खोड ते!”

चाचांनी मुकाट्यानं नवा फॉर्म घेतला. कारण : मुलीचे बाळंतपण.

पंधरा दिवसांनी कागद परत आला. वर कोणीतरी लाल पेन्सिलीनं विचारलं होतं : ‘बाळाचे नाव व वय नमूद नाही. पूर्तता करावी.’

मी वाचून दाखवलं. खालांनी कपाळाला हात लावला. “अरे, आधी मला जाऊ तर द्या! मी गेल्याशिवाय नाव ठेवायचं नाही, असं पोरीला बजावून ठेवलंय मी!”

आता याची पूर्तता कशी करायची? मी इंग्रजी आठवत बसलो. चाचांनी बोरू बुडवला आणि सुरेख अक्षरात लिहिलं : ‘वय : येणे बाकी. नाव : आजी पोहोचल्यानंतर.’

परमिट आठ दिवसांत आलं!

*

लोकूमल सिंधमधल्या शिकारपूरचे. इकडे आल्यावर त्यांनी बाजारात कापडाचं छोटं दुकान टाकलं होतं. माणूस कमी बोलायचा. एका दुपारी ते चाचांसमोर येऊन बसले आणि म्हणाले, “उर्दूत एक पत्र लिहून द्या.”

“कोणाला?”

“नाव माहीत नाही. माझ्या घरात जे कोणी राहत असतील त्यांना.”

चाचांनी माझ्याकडे पाहिलं. असली पत्रं आम्ही आधीही लिहिली होती. कोणी शिव्या लिहवून घ्यायचे, कोणी पुरलेल्या भांड्यांची चौकशी करायचे.

लोकूमल सांगू लागले, “लिहा. माडीवर जाणाऱ्या जिन्याची तिसरी पायरी हलते. दुरुस्त करीन करीन म्हणत होतो, राहून गेलं. निघताना सांगायला कोणी नव्हतं. घरात लहान मूल असेल तर जपावं. बस, एवढंच.”

पत्र गेलं. आम्ही विसरलोही. तीन महिन्यांनी उत्तर आलं आणि लोकूमल ते न उघडताच आमच्याकडे घेऊन आले. चाचा वाचू लागले.

‘पायरी आम्हाला पहिल्याच दिवशी समजली. धाकट्याचा गुडघा फुटला, आता बरा आहे. पायरी पक्की केली. आम्ही कर्नालकडचे. आमच्या तिथल्या घरात मागच्या दाराची कडी वरून लागते, पण वाऱ्यानं आपोआप पडते आणि माणूस बाहेर अडकतो. तिथं आता कोण आहे ते आम्हाला माहीत नाही. आपण त्याच देशात आहात, तर जमल्यास त्यांना कळवावं.’

लोकूमलनी धोतराच्या सोग्यानं चष्मा पुसला. म्हणाले, “मुनशीजी, अजून एक पत्र लिहावं लागेल. कर्नालला.”

“नावाच्या जागी काय घालू?”

“तेच. जे कोणी राहत असतील ते.”

*

पोलीस ठाण्यात परदेशी पाहुण्यांचं रजिस्टर असायचं हेडकॉन्स्टेबल बळीरामजींकडे. मिशा भरघोस आणि कायदा तोंडपाठ. कराचीहून आलेल्या माणसानं रोज त्यांच्यासमोर हजेरी लावायची. व्हिसा बुरहानपूर शहराचा असेल, तर शहराबाहेर पाऊल टाकायचं नाही.

युसूफ पाच वर्षांनी आला, तो असाच शहराचा व्हिसा घेऊन. आणि त्याची आई होती शहराबाहेर, निंबोल्याला! खुबा मोडून अंथरुणाला खिळलेली. पोरगा रडकुंडीला आला. “दोन-तीन तासांचं काम आहे, साहेब. तोंड बघतो आणि येतो.”

“कायदा म्हणजे कायदा,” बळीरामजी म्हणाले. “तू हद्द ओलांडलीस तर मला तुला आत टाकावं लागेल. मग आई आणखी पाच वर्षं वाट बघेल.”

मी त्यांना मनात खूप बोललो. पण त्याच संध्याकाळी ते सायकल काढून स्वतः निंबोल्याला गेले, हे मला दुसऱ्या दिवशी कळलं. सकाळी निंबोल्याच्या पाटलांची बैलगाडी हळूहळू गावात शिरली. तळाला केळीच्या वाळल्या पानांचा हातभर थर, त्यावर दोन गाद्या, त्यावर म्हातारी. पाटलांचे दोघे मुलगे दोन्ही बाजूंनी गाडी धरून चालत आलेले, धक्का बसू नये म्हणून.

युसूफ गाडीच्या चाकाला धरून उभा राहिला. म्हातारीनं त्याला खालपासून वर पाहिलं आणि विचारलं, “या पॅंटीत तुला मांडी घालून जेवता येतं का रे?”

आता तिला ठेवायचं कुठं? नातेवाइकांच्या घराला जिना. तेव्हा बळीरामजी म्हणाले, “रोज हजेरी द्यायचीच आहे ना? माझं क्वार्टर ठाण्याला लागून आहे. आई तिथंच राहील. हजेरीपण होईल आणि जेवणपण.” बळीरामजींच्या बायकोनं बारा दिवस त्या माउलीचं सगळं केलं.

पुढे वरच्या ऑफिसातून विचारणा आली : ‘परदेशी नागरिकाचा मुक्काम पोलीस लाइन, क्वार्टर नंबर तीन असा नोंदलेला आहे. खुलासा करावा.’

बळीरामजी खुलासा लिहवायला माझ्याकडेच आले. मला म्हणाले, “जास्त शाई घालवू नको. एवढंच लिही : सदर इसमास कडक निगराणीखाली ठेवण्यात आले होते!”

*

दोन देशांचं बिनसलं की पहिली झळ आमच्या चिंचेखाली लागायची. एका वर्षी पेपरात रोज तणावाच्या बातम्या होत्या आणि कोणीतरी निनावी अर्ज टाकला, की करीम मुनशी रोज पाकिस्तानला उर्दूत पत्रं लिहितो, त्यात इकडची खबर असते.

जिल्ह्याहून एक इन्स्पेक्टर आला. चाचांच्या मेजावरची सगळी पत्रं त्यानं घेतली आणि चिंचेखालीच बसून चाचांकडूनच एकेक वाचून घेतलं. कोणाच्या गुडघ्याचं दुखणं, कोणाच्या मुलीचं ठरलेलं लग्न, कैरीच्या लोणच्याची अख्खी कृती. तासाभरानं तो उठला. “काही संशयास्पद नाही,” म्हणाला. जाता जाता हळूच विचारलं, “त्या लोणच्यात मेथी भाजून घालायची म्हणालात ना?”

आम्ही हसलो. चाचा हसले नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांचं मेज रिकामं. तिसऱ्या दिवशीही. मी घरी गेलो. ते भिंतीकडे तोंड करून पडले होते.

“दिगंबर,” ते म्हणाले, “चाळीस वर्षं या गावाचे अर्ज लिहिले मी. आणि शेवटी अर्ज आला तो माझ्यावरच.”

अशा वेळी काय बोलतात? मी म्हटलं, “चाचा, तिकडं लोक खोळंबलेत. तुम्ही येणार नसाल तर मीच उर्दू शिकतो. आजपासून. तुम्ही शिकवा.”

त्यांनी पाटी मागवली. मी अलिफ काढला, बे काढला. त्यांनी बराच वेळ पाटीकडे पाहिलं. मग उठून टोपी घातली.

“चल,” म्हणाले. “तुझं हे अक्षर सरहद्दीपलीकडं जाण्यापेक्षा माझी बदनामी परवडली!”

*

चाचांचा एकुलता एक मुलगा, अन्वर, कराचीत होता. चाची वारल्यावर त्याची पत्रं वाढली. ‘अब्बा, एकटे कशाला राहता? इकडे या.’ चाचा पत्र वाचायचे, घडी घालायचे, खिशात ठेवायचे. एक दिवस ते आपल्या मेजावरून उठले आणि माझ्यासमोर, येणारे लोक बसतात त्या बाकावर येऊन बसले.

“लिही,” म्हणाले. “आपला अर्ज आपण लिहू नये. हात हलतो.”

मी लिहिलं. नाव, वडिलांचं नाव, जन्मगाव. ‘परत येण्याची अंदाजे तारीख’ आली, तेव्हा मी थांबलो. ते तापीकडून येणाऱ्या रस्त्याकडे बघत राहिले. मीच तीन महिन्यांनंतरची तारीख घातली आणि ती त्यांना वाचून दाखवली नाही.

मी, बळीरामजी आणि लोकूमल स्टेशनवर गेलो. मुंबईहून पुढे बोट होती. चाचांनी खोलीची किल्ली माझ्या हातात दिली. “मेजाला ऊन लागू देऊ नको, लाकूड तडकतं,” एवढंच बोलले. गाडी हलली. परत येताना बळीरामजी म्हणाले, “मुलगा आहे, सून आहे, नातवंडं आहेत. कशाला परत येतील? येऊ पण नये.” मी मेज चिंचेच्या बुंध्याशी सरकवलं आणि त्यावर गोणपाट घातलं.

महिनापण झाला नसेल. सकाळी मी कचेरीसमोर आलो, तर गोणपाट काढलेलं, मेज जागेवर आणि चाचा बोरूला टोक काढत बसलेले!

मी धावत गेलो. “चाचा! काय झालं? अन्वरनं नीट ठेवलं नाही का?”

“तोबा, तोबा! सोन्यासारखा पोरगा. सून पाय चेपायची. नातू माझ्या पोटावर झोपायचा. घर मोठं, अंगण मोठं, समुद्राचा वारा.”

“मग?”

“एक दिवस फिरता फिरता तिथल्या कचेरीवर गेलो. बाहेर झाडाखाली मुनशी बसलेले, हीऽऽ गर्दी! एक म्हातारा कधीचा उभा होता, त्याचा नंबरच लागेना. मला राहवलं नाही. मी तिथंच पायरीवर बसून त्याचा अर्ज लिहून दिला.”

“कसला अर्ज?”

“व्हिसाचा.”

“कुठला?”

“बुरहानपूरचा,” चाचा म्हणाले, आणि समोरच्या बाईला त्यांनी तिचं नाव विचारलं.