मेथीचं मीठ

बायको गेली तेव्हा दहाव्यापर्यंत घरात चूल पेटली नाही. आमच्याकडं रीत आहे, मयताच्या घरी भावकीतून भाकरी-पिठलं येतं. दहावा झाला, पाहुणे गेले, भाकरीच्या टोपल्या थांबल्या. तक्रार नाही. ज्याला त्याला आपापलं घर आहे.

लेक तेवढी मागं राहिली, मला चाकणला तिच्या घरी न्यायला.

"दादा, तुमी हितं खाणार काय? चहासुदा येत न्हाई तुमाला."

"भाजी-भाकर करून खाईन."

"भाकर मी थापते. भाजी करून दावा. खायाजोगी झाली तर ऱ्हावा, न्हाईतर चला."

मला सोपं वाटलं. जन्मभर मेथी लावली, जुड्या बांधून मंचरच्या बाजारात नेली. मला मेथीचं कोण काय सांगणार? वावरातून मेथी उपटून आणली, लसणाची पात आणि कोथिंबीर आणली. निवडायला बसलो तर संपेचना. हे काम बायको शेजारणीशी बोलता बोलता उरकायची.

तेलात मिरची आणि पात टाकली. वर मेथी टाकली, ती कढईच्या वर आली. तो ढीग बघून मी मूठभर मीठ घातलं, कोथिंबीरही तेव्हाच. थोड्या वेळानं झाकण काढलं तर तळाला एवढीशी भाजी, आणि कोथिंबीर काळी पडलेली. मेथीचा ढीगच मला माहीत. बाजारात उतरवला की माझं काम संपायचं. आळून ती किती उरते, हे चुलीपुढं बसणारीला ठाऊक.

लेकीनं एक घास खाल्ला आणि डोळे मिटले.

"दादा, भाजीत मीठ घातलंय का मिठात भाजी?"

"पयलीच येळ हाये."

"आई असती तर कढई तुमच्या डोक्यात घातली असती."

आम्ही हसलो. हसता हसता ती रडायला लागली. मी नाही. मला रडायचाही कंटाळा आला होता.

"चला ना दादा."

"न्हाई. उद्या आळल्यावर मीठ घालीन."

"आन आजारी पडला तर?"

"मग ने."

तिनं पदरानं डोळे पुसले. म्हणाली, "लई हट्टी हाये तुमी. ऱ्हावा. पर मी अधनंमधनं येऊन बघणार."

दुपारच्या यष्टीला तिला बसवून दिलं. घरी आलो तर कढई, तवा, ताटं तशीच खरकटी पडलेली. जेवलो की ताटावरून उठायचं, एवढंच मला माहीत होतं. राख घेतली आणि घासायला बसलो.