खूण कोणी काढली

"हे काय आहे? ट्रक आहे का हा?"

असं विचारून सर, म्हणजे स्टुडिओचे मालक, हसले, म्हणून बाहेरून आलेले चार पाहुणेही हसले. मनीषनगरातल्या आमच्या स्टुडिओत काचेच्या फळ्यावर मी खेळासाठीची माझी एक खूण काढून दाखवली होती. हाताच्या सवयीनं खाली कोपऱ्यात बारीक अक्षरांत नाव लिहिलं गेलं. माझे बाबा शहराच्या टोकाला, वाडीला, ट्रक रंगवतात. गाडी रंगवून झाली की पेंटर मागच्या फाळक्याच्या कोपऱ्यात आपलं नाव टाकतो, ती रीतच आहे. मी लहानपणापासून तेच बघत आले.

सरांनी ओलं फडकं माझ्यासमोर धरलं. "नाव पुस. इथं डोकं आमचं असतं, तुझा फक्त हात." मग पाहुण्यांकडे वळून म्हणाले, "वाडीची आहे. कोट्यातून नाही घेतली हं, हात खरंच चांगला आहे."

पुन्हा हसले सगळे.

मी पुसलं. स्वतःच्या हातानं. वर तोंडावर हसूही ठेवलं. त्या हसण्याची मला आजही किळस येते.

आम्ही मोबाइलवरचा एक खेळ बनवत होतो. त्यातलं जग मनानं रचलेलं. तिथं पुस्तकं नाहीत, अक्षरं नाहीत. भिंतीवर मंतरलेली खूण काढायची. जो बघेल त्याच्या डोक्यात तो विचार उतरतो, आणि तो जाऊन पुढच्या भिंतीवर तीच खूण काढतो. अशा चाळीस खुणा माझ्या होत्या. भुकेची, भीतीची, थांबण्याची. सगळ्यांत जोरदार होती ती काहूनची, म्हणजे 'का'ची. ती दिसली की गप्प बसलेला माणूस विचारायला लागतो. हे सगळं मला आजोबांवरून सुचलं. छप्पन साली दीक्षा घेतली तेव्हा त्यांना सहीसुद्धा येत नव्हती. मोहल्ल्यात निम्म्यांना येत नव्हती. तरी विचार घराघरात पोचला. कसा पोचला, हे मी लहानपणी त्यांना सारखी विचारायची.

फडक्याची गोष्ट मी घरी बाबांना सांगितली. वाटलं, ते सरांना शिव्या देतील. ते रॉकेलात ब्रश धूत बसले होते. मान वर न करता म्हणाले, "मालकाले नाव नाही पटत, तं मालक खरडून काढते. पेंटर आपल्या हातानं नाही पुसत. तू काहून पुसलं वं?"

बाबांचाच राग आला आधी. मग माझा. जगाला विचारायला लावणारी खूण मी काढली आणि ऐन वेळी माझीच दातखीळ बसली.

पंधरा दिवसांनी सरांनी शेवटचं दृश्य लिहून पाठवलं. वेशीबाहेरच्या वस्तीतली एक बाई गुडघ्यांवर बसली आहे. वरच्या नगरातला आचार्य तिच्या कपाळावर काहूनची खूण काढतो आहे. खाली नियम लिहिला होता: वस्तीतल्या लोकांवर खूण चालते, त्यांना ती काढता येत नाही.

मी तो तीनदा वाचला. अंगाची आग झाली. आजोबा दीक्षेला आपल्या पायांनी चालत गेले होते, आणि परत आल्यावर रोज एका घरी बसून बोलले होते. त्यांना कोणी गुडघ्यांवर बसवलं नव्हतं.

मी सरांच्या टेबलाशी गेले. ऑफिसात मी जपून पुस्तकी बोलायची. त्या दिवशी घरचीच बोली तोंडात आली.

"सर, त्याहिले खूण काहून काढता येत नाही?"

सर स्क्रीनवरून नजर न काढता म्हणाले, "अगं, गोष्ट आहे ती. तुम्हा लोकांना ना, जिथं तिथं तेच दिसतं."

"मग हे चित्र मी काढणार नाही. बाई स्वतः खूण काढत असेल, तर काढते."

"तू नाही तर दुसरी येईल. रांग लागली आहे."

"येऊ द्या."

आवाज फाटला होता माझा. शूर वगैरे काही वाटलं नाही. बॅग घेतली आणि जिना उतरले. मागून कोणी हाकही मारली नाही.

चाळीस खुणा तिथंच राहिल्या, त्यांच्या कॉम्प्युटरमध्ये. काम गेल्याचं दुःख आहे, खोटं कशाला बोलू. बुटीबोरीच्या कापड कारखान्यांत नक्षी काढायचं काम शोधते आहे. मैत्रिणी म्हणतात, सोडून दे, मोठ्या माणसांशी काय वैर घ्यायचं.

नाही सोडणार. तो खेळ एक दिवस बाहेर येईल, त्यावर सरांचं नाव असेल, हारतुरे होतील. त्या दिवशी मी त्या इमारतीच्या दारात उभी राहणार. येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला सांगणार, या खुणा वस्तीतल्या पोरीनं काढल्या आहेत आणि ती मी आहे. धक्के मारून काढलं तर रस्त्याच्या पलीकडे उभी राहून सांगेन.