बादलीतली फरशी

आपोआप सपाट होणारी फरशी ओतायला एक कारागीर धुळ्याहून आमच्या मेहरूणच्या घरी आला. नाव मी विचारलं नाही. नाव कळलं की घासाघीस अवघड जाते. बुटांना खिळे बांधून तो ओल्या फरशीवर बगळ्यासारखा चालायचा.

दुसऱ्या खोलीसाठी त्याने बादलीत मिश्रण घोटलं, तेव्हा मी म्हणालो, "फरशी स्वतःच सपाट होते. मग मजुरी अर्धीच."

"बठ्ठं आपोआप व्हस ना, भाऊ? मग मी बसस," म्हणत तो तंबाखू मळत बसला.

बादलीतला माझा महागाचा माल घट्ट होऊ लागला. शेवटी मी ओरडूनच पूर्ण मजुरी कबूल केली.

मी केळीचा व्यापारी. घड कापून झाले की मगच शेतकऱ्याचा भाव पाडतो. तो धंदा झाला. पण ही अशी अडवणूक? माणसाला थोडी तरी लाज हवी!