सासूची घंटी, जावयाची घंटी

घंटीवाल्या काकूंचा कारखाना म्हणजे एक लांबट शेड. एका टोकाला पत्र्याच्या वाट्या ठोकणारे दोन प्रेस, मध्ये चकाकी चढवायच्या टाक्या आणि दाराशी काकूंचं टेबल. सायकलची घंटी खोक्यात जाण्याआधी त्या स्वतः वाजवून बघत. नवरा गेल्यावर सगळे म्हणाले, विकून टाका. काकूंनी विकलं तर नाहीच, उलट दुसरा प्रेस घेतला. बोलणं खणखणीत, हसणं त्याहून.

मग परदेशातून स्वस्त घंट्या आल्या. काकूंच्या ऑर्डरी आटल्या, एक प्रेस बंद ठेवावा लागला, न खपलेली खोकी छताला भिडली. आणि त्या घंट्या आणत कोण होतं? काकूंचा सख्खा जावई!

"जावई म्हणजे दहावा ग्रह म्हणतात ते उगाच नाही," काकू लेकीला म्हणाल्या. लेकीने हसून दोन्ही कानांवर हात ठेवले. तिची अवस्था इकडे आड तिकडे विहीर.

इतर कारखानदारांना घेऊन काकूंनी सरकारकडे तक्रार केली. बाहेरचे लोक स्वतःच्या देशात विकतात त्याहून कमी भावाने इथे माल ओततात आणि आमचा धंदा बुडवतात, असं म्हणणं. चौकशी लागली. सुनावणीच्या दिवशी टेबलाच्या एका बाजूला काकू बसल्या आणि दुसऱ्या बाजूला, आयात करणाऱ्यांच्या रांगेत, जावई.

चौकशी अधिकारी बाई म्हणाल्या, "स्वस्त विकणं हा गुन्हा नाही. स्वतःच्या देशातल्या भावाहून कमी भावात इथे विकलं, एवढंही पुरत नाही. त्याचमुळे तुमचं नुकसान झालं हे दिसायला हवं. विक्री, भाव, नफा, बंद यंत्रं, गेलेल्या नोकऱ्या, सगळं एकत्र बघावं लागेल. आणि दुसऱ्या कारणाने झालेलं नुकसान यांच्या माथी मारता येणार नाही."

जावई लगेच उठला. "तेच तर! गेल्या वर्षी आईंच्या, म्हणजे या कारखान्याच्या घंट्यांना गंज चढत होता. गिऱ्हाईकं परत आणून देत होती. त्यात आमच्या मालाचा काय दोष?"

खोलीत खसखस पिकली. काकूंचा चेहरा लालबुंद झाला. वकिलाने गप्प राहण्याची खूण केली, पण काकू उभ्या राहिल्याच.

"खरं आहे. टाकीतलं रसायन बिघडलं होतं. ते नुकसान आमचं, आमच्या पदरात घाला. पण टाकी दुरुस्त झाली, गंज थांबला, तरी ऑर्डरी का परतल्या नाहीत? विचारा आमच्या जावईबापूंना!"

बाईंनी खरंच विचारलं. जावयाने मान खाजवली. "दुकानदार म्हणतात, घंटी आईंचीच चांगली. पण भावात एवढा फरक असल्यावर ती कोण घेणार?"

"म्हणजे भावामुळे?"

"भावामुळे," जावई पुटपुटला.

जेवणाच्या सुट्टीत तो बाहेरच्या बाकावर एकटाच बसला होता. काकू शेजारी येऊन टेकल्या आणि डबा त्याच्यापुढे सरकवला.

"जेवा. भांडण आत, बाहेर नाही."

"आई, रागावलात?"

"रागावले तर होतेच. पण खोटं बोलला नाहीत, दोन्ही वेळा."

काही महिन्यांनी निकाल लागला. गंजाच्या काळातली घट बाजूला काढली, तरी पुढची पडझड त्या पडेल भावाच्या मालामुळेच झाली होती, असं ठरलं. परदेशी घंट्यांवर जादा कर बसला. पण काकूंनी मागितला तेवढा नाही, नुकसान भरून निघेल इतकाच.

"चालेल," काकू म्हणाल्या. "त्यांना हाकलायचं कुठे होतं? शर्यत एका रेषेवरून सुरू व्हावी, एवढंच म्हणणं."

बंद प्रेस पुन्हा धडधडू लागला. जावयाने आयात सोडली नाही, पण आता तो सासूबाईंच्या घंट्याही विकतो. परवा तो कारखान्यात आला आणि म्हणाला, "आई, मुलांच्या सायकलींसाठी रंगीत घंट्या काढा. लाल."

"लाल कशाला? पिवळ्या!"

दोघांची पुन्हा जुंपली. शेवटी लेकीनेच दोन्ही रंगांचे डबे मागवले.