बाबांचा रोह्यातला सत्कार

खून झालेली जागा पाहून, मारणारा कसल्या स्वभावाचा असेल ते पोलिसांना सांगायचं, हे बाबांचं काम होतं. निवृत्त होऊन पेणला परतल्यावर त्यांना करमेना. ते नव्वदचं दशक होतं. तिथल्या केबलवाल्याने त्यांना कॅमेऱ्यासमोर बसवलं आणि बाबा दर शनिवारी जुने खून रंगवून सांगू लागले. त्याच कॅसेटी रोह्याच्या केबलवर लागायच्या. मी लग्न होऊन तिथेच, शहराला लागून असलेल्या वरसे गावात राहत होते. साहेबांची मुलगी म्हणून वाणीसुद्धा माझं सामान आधी बांधायचा. मला ते आवडायचं, याची आज लाज वाटते.

एका वर्षी रोह्यातल्या आमच्या गणेशोत्सव मंडळाने बाबांना व्याख्यानाला बोलावलं. त्यांनी मिठागरावर काम करणाऱ्या एका बाईची गोष्ट काढली. नावगाव काही घेतलं नाही. प्रेताचं तोंड पदराने नीट झाकलेलं होतं, तेवढ्यावरून त्यांनी मारणारा घरचाच म्हणून सांगितलं होतं. निघाला नवराच. उशाशी बसून राहिलेल्या लहान मुलीचं सांगताना त्यांनी आवाज असा खाली आणला की बायकांनी डोळ्यांना पदर लावले. मग टाळ्या. शाल-श्रीफळ द्यायला मंडळाने नेमकं माझ्या शेजारणीला पुढे बोलावलं. तिने नारळ दिला, वाकून नमस्कार केला. बाबांनी तोंडभरून आशीर्वाद दिला.

घरी परतताना ती मला म्हणाली, "ती माझी आय व्हती गो. सासरी ठावं नाय, खाडीत बुडाली म्हणून मामानं सांगितलंय. तुझ्या बाबांना बोलू नको, त्यांना वाईट वाटंल."

तरीही मी बाबांना सांगितलं. कळल्यावर निदान ही गोष्ट ते सांगायचे थांबतील, असं मला वाटलं. ती आता कशी आहे, मुलंबाळं किती, ते विचारत राहिले. मी समजले, मनाला लागलं.

पुढच्या शनिवारी केबलवर तीच गोष्ट लागली, नवा शेवट जोडून. त्याच मुलीने परवा रोह्यात माझ्या हातात श्रीफळ दिलं, असं बाबा भरल्या गळ्याने सांगत होते. मी टीव्ही बंद केला. शेजारचा चालूच होता.

सकाळी तिची सासू माझ्या दारात आली. नारळ कुणी दिला हे सगळ्यांनी पाहिलं होतं. "साहेब बोलले ता खरं हाय का गो?" मागे आपल्या उंबऱ्यात शेजारीण उभी होती, माझ्याकडे न बघता.

बाबांचं आता वय झालंय, टाळ्यांसाठी ते काहीही रचून सांगतात, असं मी म्हटलं. सासूचा जीव भांड्यात पडला. संध्याकाळपर्यंत माझं ते बोलणं आळीभर झालं आणि पुढे रोह्यात. बाबांच्या कॅसेटींना लोक हसू लागले. मंडळाने त्यांना परत बोलावलं नाही.

बाबा मात्र दरवर्षी फोनवर विचारायचे, यंदा मंडळाचा काही निरोप आला का गं? मी म्हणायचे, विचारून बघते.